पदोन्नतीची पात्रता: डीपीसीच्या आधी फाइलीत काय काय जुळावे लागते

महसूल खात्यातले दोन कर्मचारी कुठेही भेटले की ‘डीपीसी कधी लागणार?’ (म्हणजे विभागीय पदोन्नती समितीची बैठक) हा प्रश्न निघतोच, मग ते सोलापूरच्या जिल्हाधिकारी कार्यालयात असोत, नाहीतर करमाळ्या-सांगोल्याच्या तहसीलमध्ये. महसूल सहायक ते अव्वल कारकून ही पायरी चढताना, आणि पुढे आस्थापनेच्या टेबलावर दुसऱ्यांच्या फायली जुळवताना, लक्षात आलेली गोष्ट अशी की बैठकीची तारीख हा यातला सगळ्यात सोपा भाग आहे. समितीपुढे जातो तो प्रत्येकाच्या नावाचा एका ओळीचा तक्ता. त्या ओळीतला एखादा रकाना कोरा राहिला तर पुढचा माणूस वर जातो, आणि कोरा का राहिला हे शोधायला बैठकीच्या दिवशी कोणाकडेही वेळ नसतो. त्यामुळे खाली जे लिहिले आहे ते मुख्यतः त्या रकान्यांबद्दल आहे. उदाहरणे महसूलची आहेत, पण सांगाडा राज्य शासनाच्या बहुतेक खात्यांत हाच.

आधी एक गैरसमज बाजूला करू. पदोन्नती हा हक्क नाही. पण पात्र असताना आपला विचार होणे हा मात्र हक्क आहे, आणि तो राज्यघटनेच्या अनुच्छेद १६ मधून येतो. ‘मला पदोन्नती द्या’ असा अर्ज कुठेच टिकत नाही. ‘माझ्यापेक्षा कनिष्ठ कर्मचाऱ्याचा विचार झाला, माझा झाला नाही, आणि त्या तारखेला मी अमुक अमुक अटी पूर्ण करत होतो’ असा अर्ज टिकतो. म्हणून पात्रतेचा प्रत्येक कागद तारखेसह हाताशी लागतो.

पात्रता कुठे लिहिलेली असते? त्या पदाच्या सेवाप्रवेश नियमांत. हे नियम अनुच्छेद ३०९ खाली राज्यपालांच्या नावाने अधिसूचित होतात. कोणत्या पदावरून, किती वर्षांच्या नियमित सेवेनंतर, कोणती परीक्षा उत्तीर्ण झाल्यावर, आणि सरळसेवा व पदोन्नती यांचे प्रमाण किती, हे सगळे तिथे असते. लोक शासन निर्णय पाठ करतात आणि सेवाप्रवेश नियम उघडून बघत नाहीत. शासन निर्णय नियमातल्या मोकळ्या जागा भरू शकतो, नियम बदलू शकत नाही. ‘नियमित सेवा’ हा शब्दही नीट वाचावा. तदर्थ किंवा तात्पुरत्या पदोन्नतीवर काढलेला काळ साधारणपणे यात धरत नाहीत. अनधिकृत गैरहजेरीचा काळ नियमित करून घेतलेला नसेल तर तोही अडतो. रजा मंजूर झाली, पण मंजुरीचा आदेश सेवापुस्तकात चढला नाही, ही तर जवळजवळ नेहमीची त्रुटी.

निवडसूचीचे, म्हणजे पदोन्नतीसाठी योग्य ठरलेल्यांच्या यादीचे, वर्ष १ सप्टेंबर ते ३१ ऑगस्ट असते. त्या वर्षात निवृत्ती, स्वेच्छानिवृत्ती, मृत्यू, वरची पदोन्नती अशा कारणांनी किती जागा रिकाम्या होणार, याचा हिशेब आधीच मांडायचा असतो. आपल्याकडे यात एक गंमत आहे. शाळेत नाव घालताना गुरुजींनी जन्मतारीख १ जून लावलेली माणसे जुन्या पिढीत पोत्याने सापडतात. महिन्याच्या पहिल्या तारखेला जन्मलेला कर्मचारी आधीच्या महिन्याच्या शेवटच्या दिवशी निवृत्त होतो, त्यामुळे ३१ मे रोजी कार्यालयात निरोप समारंभांची रांग लागते. या सगळ्या जागा चालू निवडसूची वर्षातच धरायच्या असतात. त्या पुढच्या वर्षात ढकलल्या गेल्या तर विचारक्षेत्रात (रिक्त जागांच्या प्रमाणात ज्यांचा विचार होतो त्या नावांत) येणाऱ्यांची संख्या कमी होते आणि काठावरची नावे बाहेर राहतात. ज्याचे नाव काठावर आहे त्याने रिक्त पदांचा तक्ता माहितीच्या अधिकारात मागून स्वतः मोजावा. निवृत्तीच्या तारखा काही गुपित नसतात.

आता ज्येष्ठता यादी. १ जानेवारीच्या स्थितीची तात्पुरती यादी निघते, हरकती मागवतात, मग अंतिम यादी. १९८२ च्या नियमावलीच्या जागी आता महाराष्ट्र नागरी सेवा (ज्येष्ठतेचे विनियमन) नियमावली, २०२१ आहे. तात्पुरती यादी व्हॉट्सअॅपवर फिरते, प्रत्येक जण आपला अनुक्रमांक बघतो आणि बंद करतो. अनुक्रमांक बघून काही कळत नाही. आडवी ओळ शेवटपर्यंत वाचायची: जन्मतारीख, मूळ नियुक्तीचा दिनांक, नियुक्तीचा मार्ग (सरळसेवा, अनुकंपा, पदोन्नती), प्रवर्ग, सध्याच्या संवर्गात रुजू झाल्याचा दिनांक, परीक्षा उत्तीर्ण झाल्याचा दिनांक, शेरा. शेऱ्याच्या रकान्यात कधी कधी तीन शब्दांत भवितव्य लिहिलेले असते: ‘परीक्षा अनुत्तीर्ण’, ‘वि.चौ. सुरू’ (विभागीय चौकशी), ‘गो.अ. अप्राप्त’ (गोपनीय अहवाल मिळालेला नाही). यातले एखादे शेपूट जुने असून तसेच पुढच्या यादीत उतरलेले असू शकते, कारण मागच्या वर्षीच्या एक्सेलवरच नवी यादी बनते.

तीन ठिकाणी ज्येष्ठता हमखास घसरते किंवा वादात सापडते. पहिले, विनंतीवरून आंतरजिल्हा बदली. कोकणात किंवा विदर्भात नोकरी लागलेला आपला माणूस घरच्या ओढीने सोलापूरला येतो, आणि इथल्या यादीत त्या संवर्गाच्या तळाशी बसतो. बदलीच्या वेळी दिलेल्या हमीपत्रात हे मान्य केलेले असते. नंतर मूळ नियुक्तीचा दिनांक दाखवून भांडण्यात अर्थ नसतो. जुनी सेवा निवृत्तिवेतनासाठी आणि वेतनासाठी धरली जाते, ज्येष्ठतेसाठी नाही. दुसरे, एकाच भरतीतून आलेल्यांचा क्रम. तो रुजू झाल्याच्या तारखेवर ठरत नाही, निवड यादीतल्या गुणवत्ता क्रमावर ठरतो, मात्र दिलेल्या मुदतीत रुजू झालेले असले पाहिजे. तिसरे, परीक्षा. याबद्दल जरा सविस्तर.

महसूल सहायकाला आधी विभागीय दुय्यम सेवा परीक्षा आणि मग महसूल अर्हता परीक्षा उत्तीर्ण व्हावी लागते. तलाठ्याला (आता ग्राम महसूल अधिकारी) मंडळ अधिकारी व्हायचे तर त्याच्याही वाटेत अर्हता परीक्षा आहेच. दोन्ही परीक्षांना ठरावीक वर्षे आणि ठरावीक संधी असतात. सगळे अडते ते इथे. मुदतीत व संधीत उत्तीर्ण झाला त्याची मूळ ज्येष्ठता शाबूत राहते. मुदत उलटल्यावर उत्तीर्ण झालेला, आधी उत्तीर्ण झालेल्यांच्या खाली जातो, मग तो नोकरीला कितीही आधी लागलेला असो. ‘आपण सिनियर आहोत, परीक्षा काय कधीही देऊ’ हा हिशेब म्हणून चालत नाही. अर्ज भरला आणि परीक्षेला बसला नाही तर ती संधी मोजली जाते की नाही, हे त्या त्या परीक्षा नियमांत वाचून घ्यावे. आषाढी वारीच्या बंदोबस्तात किंवा निवडणुकीच्या कामात असल्याने बसता आले नाही, तर त्या नेमणुकीचा आदेश आणि ‘परीक्षेस पाठवता येत नाही’ असे कार्यालयाचे पत्र त्याच आठवड्यात आवकला नोंदवून ठेवावे. चार वर्षांनी तो आदेश शोधायला गेलात तर ज्या तहसीलचा आदेश होता तिथला लिपिक बदललेला असतो आणि गठ्ठा अभिलेख कक्षात गेलेला असतो.

परीक्षेचा अभ्यास महाराष्ट्र जमीन महसूल अधिनियम १९६६, कूळ कायदा १९४८, मामलेदार न्यायालय अधिनियम १९०६, फौजदारी प्रक्रिया (आता भारतीय नागरिक सुरक्षा संहिता २०२३) आणि लेखा नियम यांच्याभोवती फिरतो. दिवसभर फेरफार आणि दाखल्यांत गुंतलेल्या माणसाला लेखा विषय जड जातो, कारण कोषागाराची देयके त्याच्या टेबलावर येतच नाहीत. वर्षभर आधी नाझर शाखेत (कार्यालयाचे रोख व्यवहार आणि देयके पाहणारी शाखा) काम मागून घेतलेले बरे. खात्यांतर्गत मार्गदर्शनापेक्षा याचा उपयोग जास्त होतो, असे माझे मत आहे.

निकाल लागला की काम संपले असे वाटते. तसे नसते. निकालाचा आदेश क्रमांक आणि दिनांक सेवापुस्तकात घेऊन त्यावर कार्यालय प्रमुखाची सही लागते. नोंद लिहिली पण सही नाही, अशी पाने मी कितीतरी पाहिली आहेत. पेन्सिलने ‘सही घेणे’ असे लिहिलेले असते आणि ते तसेच राहते. सेवापुस्तक वर्षातून एकदा बघण्याचा अधिकार प्रत्येकाला आहे. त्या वेळी दुय्यम सेवापुस्तकही नेऊन दोन्ही शेजारी ठेवून पडताळावे. वयामुळे परीक्षेतून सूट मिळत असेल तर तीही आपोआप चढत नाही. सक्षम अधिकाऱ्याचा आदेश निघावा लागतो, आणि पात्रता सूट मिळाल्यापासून पुढे मोजली जाते. त्याआधी जे वर गेले ते वरच राहतात.

सोलापुरात भाषेचा मुद्दा इतर जिल्ह्यांपेक्षा जास्त वेळा येतो. अक्कलकोट आणि दक्षिण सोलापूर भागात कन्नड माध्यमातून, शहरात तेलुगू किंवा उर्दू माध्यमातून शिकलेले कर्मचारी आहेत. बोलणे-लिहिणे सगळे मराठीत, टिपणी तर इतरांपेक्षा चांगली. पण दहावीला मराठी विषय कोणत्या स्तरावर होता हे गुणपत्रिकेवर पाहिले जाते, आणि तिथे बसत नसेल तर भाषा संचालनालयाची मराठी भाषा परीक्षा द्यावी लागते. ‘माझी तर हयात मराठीत गेली’ हे खरे असले तरी रकान्यात ते लिहिता येत नाही. दहावीची गुणपत्रिका (नुसते प्रमाणपत्र नव्हे) साक्षांकित करून सेवापुस्तकाला लावून घेतली की हा प्रश्न एकदाच सुटतो. टंकलेखन आणि एमएस-सीआयटीचेही तसेच. मराठी ३० आणि इंग्रजी ४० शब्द प्रतिमिनिट वेगाची प्रमाणपत्रे सरळसेवेने आलेल्यांकडे नियुक्तीलाच असतात. अनुकंपावर आलेल्यांना नंतर मुदत मिळालेली असते. मुदतीत प्रमाणपत्र सादर केल्याची पोच आहे का, एवढेच बघायचे.

सगळ्यात जास्त प्रकरणे अडतात ती गोपनीय अहवालांवर, म्हणजे वरिष्ठांनी दर वर्षी आपल्या कामाबद्दल लिहिलेल्या अहवालांवर. समिती साधारणपणे मागच्या पाच वर्षांचे अहवाल बघून सरासरी प्रतवारी काढते. अहवालाचे वर्ष १ एप्रिल ते ३१ मार्च. लिहिणाऱ्या अधिकाऱ्याने किमान तीन महिने काम पाहिलेले असले पाहिजे. ही तीन महिन्यांची अट साधी दिसते, पण पाच वर्षांत एक तरी वर्ष ती मोडून ठेवते.

समजा तहसील कार्यालयात तुमचे प्रतिवेदन अधिकारी (म्हणजे अहवाल लिहिणारे) असलेले नायब तहसीलदार १० जूनला बदलून गेले. १ एप्रिलपासून मोजले तर सत्तर-एक दिवस झाले, तीन महिने नाहीत. नवे २५ जूनला आले आणि ३० ऑगस्टला त्यांचीही दुसरीकडे नेमणूक झाली. पुन्हा अट पूर्ण नाही. १ सप्टेंबरला तिसरे आले ते मार्चअखेरपर्यंत राहिले. आता या वर्षाचा अहवाल सात महिन्यांचाच निघणार, आणि १ एप्रिल ते ३१ ऑगस्ट या काळासाठी ‘अहवाल का लिहिला नाही’ याचे प्रमाणपत्र लागणार. ते प्रमाणपत्र अहवालाच्या मागे लावलेले नसेल तर छाननीत त्या वर्षासमोर ‘अपूर्ण’ असा शेरा पडतो. काम झाले होते, अधिकारीही होते, पण कागद नाही. हे प्रमाणपत्र त्याच वर्षी घेतले तर एका दिवसाचे काम आहे. पाच वर्षांनी घ्यायला गेलात तर आधी कोण कधी रुजू झाले याचे आदेश गोळा करत पंढरपूर, माळशिरस, बार्शी फिरावे लागते.

दुसरी अडचण पुनर्विलोकनाची. प्रतिवेदन अधिकाऱ्याने लिहिले, पण पुनर्विलोकन अधिकारी (त्यावर आपले मत देणारे वरचे अधिकारी) निवृत्त झाले किंवा बदलून गेले आणि दुसरा भाग कोरा राहिला. कर्मचाऱ्याला वाटते अहवाल गेला, आस्थापनेला वाटते येईल. एप्रिलमध्ये स्वयंमूल्यनिर्धारण देताना त्याची पोच घ्यावी, आणि जूनमध्ये अहवाल कोणत्या टेबलावर आहे ते विचारावे. विचारणे म्हणजे मागे लागणे नव्हे. निवृत्तीला टेकलेल्या साहेबांकडचे अहवाल तर त्यांच्या शेवटच्या महिन्यातच उरकून घ्यायला हवेत.

स्वयंमूल्यनिर्धारणात बहुतेक जण एकच वाक्य लिहितात: ‘नेमून दिलेली सर्व कामे वेळेत व चोख पार पाडली.’ हे वाचून कोणताही अधिकारी मधलीच प्रतवारी देणार. त्यापेक्षा वर्षाच्या सुरुवातीला शिल्लक किती, वर्षात आवक किती, निकाली किती, मार्चअखेर शिल्लक किती, हे कार्यविवरण नोंदवहीवरून लिहावे. सहा गठ्ठे पद्धतीने टेबलावरचे कागद लावले असतील, अभिलेखांचे अ, ब, क, ड असे वर्गीकरण करून नाशयोग्य कागद काढले असतील, तर तसे लिहावे. वारीच्या काळात पंढरपूरला किंवा निवडणुकीत मतमोजणीला नेमणूक होती, तर आदेश क्रमांकासह लिहावे. मूळ टेबलाची शिल्लक त्या महिन्यात का वाढली याचे उत्तर तिथेच मिळते. आकडे खोटे घालू नयेत हे वेगळे सांगायला नको, नोंदवही शेजारच्याच कपाटात असते.

अहवालाची प्रत मिळणे हा उपकार नाही. सर्वोच्च न्यायालयाने २००८ च्या देव दत्त प्रकरणात, आणि २०१३ मध्ये सुखदेव सिंग प्रकरणात तीन न्यायाधीशांच्या पीठाने, सांगितले आहे की प्रत्येक नोंद कर्मचाऱ्याला कळवली पाहिजे, ती प्रतिकूल असो वा चांगली. कारण ‘चांगला’ हा शेरासुद्धा वरच्या पदासाठी लागणाऱ्या प्रतवारीपेक्षा खाली असेल तर तो नुकसानच करतो. प्रत मिळाली की मुदतीत अभिवेदन (शेऱ्याविरुद्धचे लेखी म्हणणे) द्यावे. अभिवेदनात साहेबांच्या स्वभावावर लिहू नये. कोणता शेरा, त्याच्या विरुद्ध कोणता आकडा किंवा आदेश, एवढेच. आणि अभिवेदनावर निर्णय झाला का ते डीपीसीच्या आधी तपासावे. प्रलंबित अभिवेदन फाइलीत असेल तर टिपणीत त्याचा उल्लेख यायलाच हवा.

विभागीय चौकशीबद्दल लोक फार घाबरतात, आणि चुकीच्या गोष्टीला घाबरतात. कारणे दाखवा नोटीस म्हणजे विभागीय चौकशी नव्हे. प्राथमिक चौकशीही नव्हे. सर्वोच्च न्यायालयाच्या १९९१ च्या जानकीरामन निकालानुसार दोषारोपपत्र बजावले गेल्यावर, किंवा फौजदारी प्रकरणात न्यायालयात दोषारोपपत्र दाखल झाल्यावरच मोहोरबंद पाकिटाची पद्धत लागू होते. निलंबित असलेल्यालाही ती लागते. राज्यात यासाठी १५ डिसेंबर २०१७ चा शासन निर्णय आहे. म्हणजे नोटिशीचा खुलासा देऊन वर्ष झाले, पुढे काहीच झाले नाही, तरी ‘चौकशी प्रस्तावित’ असा मोघम शेरा लावून नाव बाजूला ठेवता येत नाही. मात्र बैठकीच्या तारखेपर्यंत आणि पुढे पदोन्नतीचा आदेश हातात पडेपर्यंत दोषारोपपत्र आले तर चित्र बदलते, हेही ध्यानात असू द्यावे.

पाकिटात काय असते? इतरांसारखाच विचार करून समितीने काढलेला निष्कर्ष, योग्य किंवा अयोग्य, फक्त तो उघड करत नाहीत. चौकशीतून पूर्ण निर्दोष सुटला तर पाकीट उघडते आणि कनिष्ठाला पदोन्नती मिळाली त्या तारखेचा मानीव दिनांक मिळतो, म्हणजे त्या दिवसापासून पदोन्नती झाली असे मानतात. शिक्षा झाली, अगदी ठपक्याची का होईना, तर पाकिटातला निष्कर्ष लागू होत नाही. पुढच्या बैठकीत नव्याने विचार होतो. वेतनवाढ रोखल्याची शिक्षा चालू असेल तर तो कालावधी संपेपर्यंत थांबावे लागते. चौकशी रेंगाळत राहिली तर बैठकीला दोन वर्षे झाल्यावर तदर्थ पदोन्नतीचा विचार करण्याची तरतूद आहे. तो आपोआप होत नाही, अर्ज करून आठवण द्यावी लागते. महाराष्ट्र नागरी सेवा (शिस्त व अपील) नियम, १९७९ मधला नियम ८ मोठ्या शिक्षेसाठीचा आणि नियम १० किरकोळ शिक्षेसाठीचा. आपले दोषारोपपत्र कोणत्या नियमाखाली आहे यावर पुढचा सगळा वेळ अवलंबून असतो.

आरक्षणाचा रकाना सध्या वेगळ्याच अवस्थेत आहे. राज्याचा आरक्षण कायदा २००१ चा, २९ जानेवारी २००४ पासून लागू. पदोन्नतीतल्या आरक्षणाचा २५ मे २००४ चा शासन निर्णय मुंबई उच्च न्यायालयाने ४ ऑगस्ट २०१७ रोजी रद्द ठरवला आणि प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेले. त्यानंतर उलटसुलट आदेश निघत ७ मे २०२१ चा शासन निर्णय आला. त्याने पदोन्नतीच्या कोट्यातली सगळी पदे २५ मे २००४ च्या स्थितीनुसारच्या ज्येष्ठतेने, न्यायालयाच्या अंतिम निर्णयाच्या अधीन राहून, भरायला सांगितले. त्या तारखेनंतर सेवेत आलेल्यांची ज्येष्ठता सेवेत आल्यापासूनची धरतात. म्हणून आदेशात ‘न्यायालयाच्या निर्णयाच्या अधीन’ हे वाक्य दिसले तर दचकू नये, ते सगळ्यांच्या आदेशात असते. बिंदुनामावली (कोणती जागा कोणत्या प्रवर्गाची याची नोंदवही) विभागीय आयुक्त कार्यालयातल्या मागासवर्ग कक्षाकडून तपासून घ्यावी लागते, आणि राखीव जागेवर नियुक्ती झालेल्यांचे जातवैधता प्रमाणपत्र फाइलीत हवेच. प्रमाणपत्र घरी फ्रेम करून ठेवलेले असते आणि सेवापुस्तकात ‘पडताळणी प्रलंबित’ अशी दहा वर्षांपूर्वीची नोंद, असेही होते.

किरकोळ वाटणारे दोन कागद: स्थायित्व प्रमाणपत्र (सेवेत कायम झाल्याचे) आणि मत्ता व दायित्वाचे वार्षिक विवरणपत्र. दुसरे दर वर्षी ३१ मार्चच्या स्थितीचे द्यायचे असते. ते बंद लिफाफ्यात देतात, त्यामुळे आत काय आहे ते कोणी बघत नाही, पण दिले की नाही हे छाननीत बघतात. लिफाफ्यावर आवक क्रमांक घेऊन त्याचा मोबाइलवर फोटो काढून ठेवला की झाले.

बैठकीबद्दल फार सांगण्यासारखे नाही. टिपणी, तक्ता, अहवालांचे गठ्ठे, ना-चौकशी प्रमाणपत्रे समोर असतात. नावे वरून खाली घेतली जातात, योग्य-अयोग्य ठरते, इतिवृत्तावर सह्या होतात. अयोग्य ठरवले तर कारण इतिवृत्तात असते. ते माहितीच्या अधिकारात मागता येते आणि ३० दिवसांत उत्तर अपेक्षित असते. नायब तहसीलदार पदाची यादी मात्र जिल्ह्याची नसते, पुणे विभागाची असते. सोलापूर, पुणे, सातारा, सांगली, कोल्हापूर या पाचही जिल्ह्यांचे अव्वल कारकून आणि मंडळ अधिकारी एकत्र येतात. जिल्ह्याच्या यादीत राहिलेली परीक्षेच्या तारखेची चूक तिथे पाच जिल्ह्यांच्या हरकतींचा विषय होते, म्हणून ती खालीच दुरुस्त करून घ्यावी.

अन्याय झाला असे वाटले तर आधी अभिवेदन, आणि मग राज्य शासकीय कर्मचाऱ्यांसाठी महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण. सोलापूरकरांना त्यासाठी मुंबईचे पीठ. मुदत आदेशापासून एक वर्ष. अभिवेदन देऊन सहा महिने उत्तर आले नाही तर त्या सहा महिन्यांनंतर एक वर्ष. स्मरणपत्रावर स्मरणपत्र देत राहिल्याने मुदत वाढत नाही; ती वाढते या एका समजुतीपायी चांगली प्रकरणे बाद झाली आहेत. जिल्हा परिषदेच्या कर्मचाऱ्यांना न्यायाधिकरणाची वाट नाही, त्यांना उच्च न्यायालय. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला सर्किट बेंच सुरू झाल्याने सोलापूर जिल्ह्याची याचिका आता तिथे जाते, मुंबईची खेप वाचली. जिल्हा परिषदेच्या शिक्षकांसाठी तर पात्रतेत नवीनच भर पडली आहे: १ सप्टेंबर २०२५ च्या सर्वोच्च न्यायालयाच्या निकालाने पदोन्नतीसाठी टीईटी (शिक्षक पात्रता परीक्षा) आवश्यक ठरली, सेवेची पाच वर्षेही उरलेली नाहीत त्यांनाही पदोन्नती हवी असेल तर.

आदेश आल्यावर नकार देण्याआधी विचार करावा. मुलांची शाळा, आई-वडिलांचे आजारपण, सोलापूर सोडून करमाळ्याला जायचे म्हणून नकार देणारे असतात. नकार दिला की निवडसूचीतून नाव निघते, आणि १०, २०, ३० वर्षांच्या आश्वासित प्रगती योजनेच्या (पदोन्नती न मिळाल्यास वरची वेतनश्रेणी देणाऱ्या योजनेच्या) लाभावरही त्याचा परिणाम होतो. त्या योजनेला पदोन्नतीचीच पात्रता लागते, परीक्षा आणि अहवाल धरून. ‘पद नको, वेतनश्रेणी द्या’ असे दोन्हीकडून चालत नाही.

रुजू झाल्यावर एक कागद लगेच द्यायचा असतो, तो वेतननिश्चितीचा विकल्प. पदोन्नतीच्या दिनांकापासून वेतन निश्चित करायचे की खालच्या पदावरच्या पुढच्या वेतनवाढीच्या दिनांकापासून, हे एक महिन्याच्या आत लेखी कळवावे लागते. वेतनवाढ जुलैची असेल आणि पदोन्नती एप्रिल-मेमध्ये झाली असेल तर दुसरा विकल्प बहुधा फायद्याचा. पदोन्नती ऑगस्टमध्ये झाली असेल तर इतके महिने थांबणे परवडत नाही. दोन्ही प्रकारे कागदावर आकडेमोड करून मगच विकल्पावर सही करावी, कारण मुदत गेल्यावर पदोन्नतीच्या दिनांकापासूनच वेतन निश्चित होते आणि तोच आकडा पुढच्या प्रत्येक वेतनवाढीत चालत राहतो.